जाताना दोन तास, येताना किती?



परवा संध्याकाळी बमरोलीत एका सभासदाच्या घरी कागदपत्रांवर सही घ्यायला गेलो होतो. तांडेल नुकतेच घरी आले होते. त्यांचा सातवीतला मुलगा वही घेऊन बसला होता. गणित असं होतं: एक गाडी १२० किलोमीटर जाताना ताशी ६० च्या वेगाने जाते आणि त्याच रस्त्याने परत येताना ताशी ४० च्या वेगाने येते. पूर्ण प्रवासाचा सरासरी वेग किती?

मुलगा म्हणाला ५०. बाबा म्हणाले ५०. चहा घेऊन आलेली आई म्हणाली, साठ आणि चाळीस शंभर, त्याचे अर्धे ५०. आणि खरं सांगतो, आम्हीही मनात ५० च म्हणालो होतो.

उत्तर आहे ४८. जाताना १२० भागिले ६० म्हणजे २ तास. येताना १२० भागिले ४० म्हणजे ३ तास. एकूण २४० किलोमीटर, ५ तासांत. २४० भागिले ५, झाले ४८. गाडी हळू चालते तेव्हा ती त्या रस्त्यावर जास्त वेळ असते, म्हणून हळू वेगाचं वजन जास्त पडतं. दोन वेगांचे अर्धे करून चालत नाही.

तांडेल हसले. म्हणाले, "दोनचा तर फरक आहे, सेक्रेटरी. तेवढ्याने काय बुडतंय?"

रस्त्यावर काही बुडत नाही. दर्यावर बुडतं. म्हणून आज हा लेख. यातली आकडेमोड पाचवी-सातवीचीच आहे. मुलांना शेजारी बसवून वाचा, जमलं तर त्यांनाच करायला लावा.

तेच गणित बोटीवर

उदाहरणासाठी धरू की आपली बोट स्थिर पाण्यात ७ नॉटने चालते. पाण्याला ओढ आहे ३ नॉटची. जायचंय २० सागरी मैल. इंजिन तासाला ८ लिटर डिझेल खातं.

ओहोटीबरोबर बाहेर निघालो तर ७ अधिक ३, म्हणजे १० नॉट. २० मैल गाठायला २ तास. डिझेल १६ लिटर.

त्याच ओढीविरुद्ध परत यायचं झालं तर ७ वजा ३, म्हणजे ४ नॉट. तेच २० मैल, पण ५ तास. डिझेल ४० लिटर.

जाताना १६, येताना ४०. इंजिन तेच, थ्रॉटल तेवढाच, अंतरही तेवढंच. सरासरी वेग किती पडला? ४० मैल भागिले ७ तास, म्हणजे ५.७ नॉट. दहा आणि चारचे अर्धे करून ७ धरले असते तर हिशेब चुकला असता, आणि चुकला असता तो नेमका परतीच्या वाटेवर.

आता बोटीवर ऐकू येणारं वाक्य आठवा: "अर्धी टाकी संपली की मागे फिरायचं." ऐकायला शहाणपणाचं वाटतं. पण वरच्या हिशेबात टाकीत ५६ लिटर असतील आणि अर्धी, म्हणजे २८ लिटर संपल्यावर फिरलो, तर साडेतीन तासांत आपण ३५ मैलांवर असू. परतीला ३५ भागिले ४, म्हणजे पावणेनऊ तास. लागेल ७० लिटर. टाकीत आहेत २८. उरलेल्या रस्त्याला कोण ओढून आणणार?

वेळेचंही तसंच. सात तासांत घरी यायचं म्हणून साडेतीन तास जायचं आणि साडेतीन तास यायचं, हा हिशेब इथे चालत नाही. या उदाहरणात फिरायची वेळ दोन तासांनीच झालेली असते. मागे कधी फिरायचं हे परतीच्या वेगावरून ठरवायचं, जायच्या वेगावरून नाही. बाकी सगळं विसरलात तरी एवढं लक्षात ठेवा.

पाणी फिरतं, हे जुन्यांना ठाऊक होतं

जाणते म्हणतील, सेक्रेटरी, ओहोटी काय दिवसभर राहते? बरोबर आहे. साधारण सहा तास बारा मिनिटांनी पाणी फिरतं. दोन भरत्यांमध्ये सुमारे बारा तास पंचवीस मिनिटं जातात, म्हणून भरती रोज पाऊण-एक तास उशिरा येते. आपलं खंभातचं आखात तर देशातल्या सगळ्यात मोठ्या भरती-ओहोटीच्या जागांपैकी एक. भावनगरकडे उधाणाला पाणी दहा मीटरच्या आसपास चढतं-उतरतं. एवढं पाणी सहा तासांत आत-बाहेर करायचं म्हटल्यावर ओढ जोरात असणारच. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला जास्त, अष्टमीच्या भांगाला कमी. म्हणजे आपल्या गणितातला तो '३' कायमचा नाही, तिथीप्रमाणे बदलतो.

आता खरा प्रसंग घेऊ. सकाळी ६ ला ओहोटी लागली आणि आपण निघालो. ८ वाजता २० मैलांवर आहोत. परत यायचं ठरलं. पाणी फिरणार साधारण १२ वाजता. दोन वाटा आहेत.

पहिली: लगेच फिरा. १२ वाजेपर्यंत ४ तास, ४ नॉटने, १६ मैल होतील. उरले ४ मैल. तोवर भरती लागली, वेग झाला १०. ४ भागिले १० म्हणजे ०.४ तास, म्हणजे २४ मिनिटं. पोचलो १२ वाजून २४ मिनिटांनी. इंजिन चाललं ४ तास २४ मिनिटं, डिझेल ३५ लिटर.

दुसरी: नांगर टाका, जाळी आवरा, भाकरी खा. १२ वाजता भरती लागली की निघा. २० भागिले १० म्हणजे २ तास. पोचलो २ वाजता. डिझेल १६ लिटर.

दीड तास उशीर, पण १९ लिटर वाचले. जुने तांडेल पाण्याची वाट बघत विडी ओढत बसायचे तेव्हा तरुण खलाशांना वाटायचं की म्हातारा आळशी आहे. आळशी नव्हता हो, त्याचं गणित पक्कं होतं. त्यात पहिल्या वाटेने साडेबाराला आलात तरी ओहोटीच्या शेवटी खाडीच्या तोंडावर पाणी कुठे असतं? गाळात बसून पुन्हा वाट बघायचीच.

पण वाऱ्याचा इशारा असेल तर हाच हिशेब उलटा वाचायचा. तेव्हा १९ लिटरचं मोल नाही, दीड तासाचं आहे. म्हणून निघताना टाकीत नेहमी महागड्या वाटेचं, म्हणजे ओढीविरुद्ध येण्याचं डिझेल हवं. स्वस्त वाटेचं पुरत नाही.

ओढ किती आहे हे कसं कळणार? सोपं आहे. मोकळ्या पाण्यात इंजिन न्यूट्रलला घ्या आणि दोन-चार मिनिटांनी जीपीएसवरचा वेग बघा. बोट स्वतः चालत नसताना जो वेग दिसतो तो पाण्याचा. वारा असेल तर त्याचाही थोडा हात त्यात असतो. आणि जीपीएस 'पोचायला इतके तास' असं दाखवतं ते आत्ताच्या वेगावरून. पाणी फिरलं की तो आकडाही फिरतो. त्याला वचन समजू नका.

आमची चूक

दुसऱ्याला शिकवतो तर स्वतःचीही सांगायला हवी.

हैदराबादच्या 'इन्कॉइस' संस्थेकडून मासळीच्या संभाव्य जागांची माहिती येते हे तुम्हाला ठाऊक आहे. कुठल्या बंदरापासून, कुठल्या दिशेला, किती अंतरावर, किती खोलीवर. त्यातलं अंतर किलोमीटरमध्ये असतं. एका हंगामात आम्ही कार्यालयातून घाईघाईत ग्रुपवर टाकलं: "अंतर ४०". पुढे किलोमीटर लिहायचं राहिलं. बोटीवर जीपीएस सागरी मैलात लावलेलं. एका बोटीने ४० मैल गाठले.

४० किलोमीटर म्हणजे २१.६ सागरी मैल. बोट १८.४ मैल जास्त गेली. ७ नॉटने जायला २ तास ३८ मिनिटं, यायला तेवढेच. सव्वापाच तास आणि ४२ लिटर डिझेल पाण्यात. मासळी तर राहिलीच मागे. तांडेल परत आल्यावर काही बोलले नाहीत, नुसतं डिझेलचं बिल टेबलावर ठेवलं. तेव्हापासून एककाशिवाय एकही आकडा कार्यालयातून जात नाही. गेला तर आम्हाला टोका.

एक सागरी मैल म्हणजे १.८५२ किलोमीटर. बोटीवर तोंडी करायची युक्ती अशी:

मैलाचे किलोमीटर: दुप्पट करा, त्यातला दहावा भाग काढा. ७ चे १४, वजा १.४, झाले १२.६. (अचूक १२.९६)

किलोमीटरचे मैल: अर्धे करा, त्या अर्ध्याचा दहावा भाग मिळवा. ४० चे २०, अधिक २, झाले २२. (अचूक २१.६)

आणि नॉट म्हणजे तासाला एक सागरी मैल. 'नॉट' या शब्दाचा अर्थच गाठ. शिडांच्या जहाजांवर लाकडाचा तुकडा दोरीला बांधून मागे पाण्यात सोडत. दोरीला दर ४७ फूट ३ इंचांवर गाठ. २८ सेकंदांच्या वाळूच्या घड्याळात जेवढ्या गाठी हातातून सरकल्या तेवढा वेग. मुलांना पडताळून बघू द्या: ४७.२५ भागिले २८ म्हणजे सेकंदाला १.६९ फूट. सागरी मैल सुमारे ६०७६ फुटांचा, तासाचे ३६०० सेकंद. ६०७६ भागिले ३६००, परत १.६९. बसलं की नाही बरोबर?

अजून एक नेहमीची चूक. कॅल्क्युलेटरवर ४.४ तास आले की काही जण ४ तास ४० मिनिटं धरतात. ४.४ म्हणजे ४ तास २४ मिनिटं. दशांश भागाला ६० ने गुणायचं. ०.४ गुणिले ६०, २४.

वादळाच्या बातमीत दोन वेग असतात

हवामान खात्याचं बुलेटिन येतं तेव्हा आपण एकच आकडा ऐकतो: "वारे ताशी ९० किलोमीटर." आणि घाबरतो, किंवा अजून लांब आहे म्हणून निर्धास्त होतो. पण बुलेटिनमध्ये दोन वेगळे वेग असतात. एक, वादळात फिरणाऱ्या वाऱ्याचा. दुसरा, वादळ स्वतः पुढे सरकतंय त्याचा. हा दुसरा बराच कमी असतो, बहुतेक वेळा ताशी १०-२० किलोमीटर. वेळ काढायला दुसरा घ्यायचा.

समजा वादळाचा मध्य आपल्यापासून ३०० किलोमीटरवर आहे आणि ताशी १५ ने आपल्याकडे सरकतोय. ३०० भागिले १५, म्हणजे २० तास. पण मध्य यायच्या कितीतरी आधी वारा येतो. मध्यापासून १५० किलोमीटरपर्यंत जोराचा वारा धरला तर आपल्या हातात २० नाही, १० तास आहेत. बंदर ६० मैलांवर असेल आणि बोट ६ नॉटने येत असेल तर लागणार बरोबर १० तास. म्हणजे हातात शून्य. जाळी ओढायलाही वेळ नाही.

हा हिशेब आपण एका जागी थांबलोय असं धरून झाला. बोटही चालत असते. मुलांच्या पुस्तकात दोन गाड्या समोरासमोर येतात ना, तेच गणित इथे येतं. बंदराची वाट वादळाच्या दिशेने असेल तर दोन्ही वेगांची बेरीज. ६ नॉट म्हणजे ताशी ११ किलोमीटर, त्यात १५ मिळवा, २६. तो जोराचा वारा, १५० किलोमीटरवरचा, पावणेसहा तासांतच गाठेल. वादळ मागे असेल तर वजाबाकी: १५ वजा ११, उरले ४. तेच १५० किलोमीटर कापायला त्याला साडेसदतीस तास. म्हणून "घरीच जायचं" हा हट्ट नेहमी बरोबर नसतो. जवळचं आणि वादळापासून दूर नेणारं बंदर असेल तर तेच आपलं घर.

ओखी आठवतं? २०१७ च्या नोव्हेंबरच्या शेवटी कन्याकुमारीजवळ चक्रीवादळ झालं. तिथल्या, केरळच्या किती घरांतली माणसं परत आली नाहीत. ते लक्षद्वीपवरून वर येऊन सुरतकडे वळलं. ५ डिसेंबरला आपण सगळे त्याची वाट बघत होतो, पण किनारा गाठायच्या आधी समुद्रातच त्याचा जोर ओसरला. दक्षिणेच्या कितीतरी बोटींनी तेव्हा देवगडसारख्या महाराष्ट्राच्या बंदरांत आसरा घेतला. त्या घरी पोचल्या नव्हत्या, पण वाचल्या.

२०२१ चं तौक्ते आलं तेही लक्षद्वीपकडूनच. १४ मेच्या सुमारास तयार झालं, मुंबईला झोडपून १७ मेच्या रात्री दीव-उनाजवळ जमिनीवर चढलं. तीन-चार दिवस, बस. दोन्ही वादळं सरळ रेषेत गेली नाहीत, एकाच वेगानेही गेली नाहीत. म्हणून एकदा काढलेलं उत्तर दिवसभर पुरत नाही. प्रत्येक नव्या बुलेटिनला हिशेब पुन्हा मांडायचा.

बुलेटिनमध्ये अक्षांश दिलेला असतो. त्यातूनही अंतर निघतं. अक्षांशाचा एक अंश म्हणजे ६० सागरी मैल, एक मिनिट म्हणजे एक मैल. मुंबई सुमारे १८ अंश ५५ मिनिटांवर, सुरत २१ अंश १० मिनिटांवर. फरक २ अंश १५ मिनिटं, म्हणजे १३५ मैल, म्हणजे २५० किलोमीटर. हे फक्त उत्तर-दक्षिण अंतरासाठी. रेखांशाला हा नियम लावू नका, आपल्याकडे त्याचा एक अंश ५६ मैलांचाच भरतो.

हे गणित आपल्या घरचंच

बमरोलीतली आपली बरीच कुटुंबं खानदेशातून तापीच्या काठाकाठाने इथे आलेली. पावसाळ्यात सारंगखेड्याहून, प्रकाशाहून नातेवाइकांचा फोन येतो, "नदीला पूर आलाय." लगेच घरातली म्हातारी बोटं मोडायला लागते: उकाईला कधी, सुरतेला कधी. अंतर, वेग, वेळ. ऑगस्ट २००६ मध्ये उकाईतून सुमारे ९ लाख क्युसेक पाणी सुटलं आणि शहर बुडालं. ९ ऑगस्टला राखी पौर्णिमा होती, म्हणजे समुद्राला उधाण. वरून नदी, खालून भरती. पाणी किती सुटलं याच्याइतकंच ते कुठल्या वेळी पोचलं हेही महत्त्वाचं असतं, हे आपण छातीभर पाण्यात उभं राहून शिकलो.

आणि खानदेशचं नाव निघालंच आहे तर मुलांना हेही सांगा. चाळीसगावजवळच्या पाटणला १२०७ सालचा शिलालेख आहे. भास्कराचार्यांच्या ग्रंथांचा अभ्यास व्हावा म्हणून त्यांचा नातू चांगदेव याने तिथे मठ काढला, त्याची ती नोंद. भास्कराचार्यांच्या 'लीलावती'त एक गणित आहे. ९ हात उंच खांबावर मोर बसलाय, खांबाच्या बुडाशी सापाचं बीळ. २७ हातांवरून साप बिळाकडे येतोय. मोर त्याच्यावर तिरपी झेप घेतो. दोघांचा वेग सारखा. बिळापासून किती हातांवर गाठ पडेल? उत्तर आहे १२. दोघांनी कापलं १५-१५ हात. कसं आलं ते दहावीच्या मुलांना विचारा.

म्हणजे आठशे-नऊशे वर्षांपूर्वीही प्रश्न तोच होता: तो तिकडून येतोय, मी इकडून निघालोय, गाठ कुठे आणि कधी?

एवढं करा

निघण्याआधी घरी कागदावर लिहून ठेवा: किती वाजता निघालो, कुठे चाललो, परतीला ओढीविरुद्ध किती तास लागतील, आणि जास्तीत जास्त किती वाजेपर्यंत येणार. शेवटची वेळ सगळ्यात महत्त्वाची. ती टळली आणि फोन लागत नसेल तर घरच्यांनी "येतीलच" म्हणत बसू नये. कार्यालयाला कळवा आणि तटरक्षक दलाच्या १५५४ या क्रमांकावर फोन करा. शोधणाऱ्यालाही हाच हिशेब करावा लागतो, आणि निघायची वेळ ठाऊक नसेल तर त्याने सुरुवात कुठून करायची?

केबिनमध्ये खडूने तीन ओळी लिहून ठेवा:

वेळ = अंतर ÷ वेग
परतीचा वेग = बोट − ओढ
आकड्यापुढे मैल की किलोमीटर?

त्या सातवीतल्या पोराने ४८ उत्तर लिहिलं, मग बाबांना विचारलं, "तुम्ही उद्या किती वाजता येणार?" तांडेल सवयीने म्हणाले, "येईन संध्याकाळपर्यंत." पोरगं पेन्सिल घेऊन तयारच होतं. "असं नाही बाबा. किती मैल, आणि पाणी कुठल्या बाजूला?"

तांडेलांनी वही स्वतःकडे ओढली आणि लिहायला लागले. आम्ही सही घ्यायची विसरून परत आलो.

— सचिव